सिसिलीत एक दिवस: मोनरेआले, पालेर्मो, चेफालू – गाइड घ्यावा की नाही?

कोकमकढी

नमस्कार मंडळी,

मे महिन्यात सासू-सासरे सांगलीहून आमच्याकडे श्टुटगार्टला येतायत. रोम-व्हेनिस-पिसा त्यांचं मागे ग्रुप टूरमध्ये उरकलंय. सासऱ्यांच्या भाषेत 'झेंडा दिसला की पळायचं'. त्यामुळे यंदा सिसिली ठरलंय. मुक्काम पालेर्मोत, पण जुनी शहरं आणि चर्चं बघायला पूर्ण असा एकच दिवस हातात आहे, बाकीचे समुद्र आणि आरामासाठी राखून ठेवलेत.

एक स्थानिक कंपनी छोट्या व्हॅनमधून दिवसभराची सहल देते: सकाळी पालेर्मो, मग मोनरेआलेचं कॅथेड्रल, दुपारून चेफालू. सोबत इंग्रजी बोलणारा गाइड. चौघांचे पैसे बऱ्यापैकी होतात. प्रश्न असे:

गाइडवर खर्च करण्यात अर्थ आहे का? एका दिवसात तिन्ही जमतं का? सासूबाईंचे गुडघे दुखतात, तर चढ-पायऱ्या किती? आणि दोघंही शुद्ध शाकाहारी आहेत, अंडंसुद्धा नाही.

जाऊन आलेल्यांनी लिहा प्लीज. 'गूगल कर' म्हणणाऱ्यांना आधीच दंडवत.

तिरकी_घोडी

गाइड अजिबात घेऊ नका. मोनरेआले पालेर्मोपासून जेमतेम आठ किलोमीटर. पियाझ्झा इंदिपेंदेन्झावरून ३८९ नंबरची बस जाते. चेफालूला रेल्वेनं साधारण तासाभरात पोचता. तिकिटं स्वस्त. उरलेल्या पैशात चौघं दणदणीत जेवाल.

गाइड लोक तेच तेच बोलतात. हा राजा, तो राजा, अमुक साली बांधलं, चला पुढे, इथे फोटो काढा, इथे माझ्या मित्राचं दुकान आहे.

उगीचच

३८९ ची वाट बघत पियाझ्झा इंदिपेंदेन्झात पिढ्या म्हाताऱ्या झाल्या आहेत. सासू-सासरे बरोबर असताना हा प्रयोग करू नये.

वसईकर

घोडीभाऊंशी अर्धा सहमत. पालेर्मो शहर आपलं आपण बघता येतं. पण मोनरेआलेला माहितगार माणूस हवाच, नाहीतर 'वा! किती सोनं!' म्हणून दहा मिनिटांत बाहेर पडाल. मी वसईचा, कॅथलिक घरात वाढलो, जुना करार लहानपणापासून कानावर. तरीसुद्धा तिथे पहिल्यांदा उभा राहिलो तेव्हा नजर कुठे लावावी कळेना. सहा हजार चौरस मीटरहून जास्त भिंत मोझेकनं, म्हणजे बारीक रंगीत तुकड्यांच्या चित्रांनी, मढवलेली आहे. अक्षरशः पुस्तक आहे ते, पण कुठल्या पानापासून वाचायचं हे कोणीतरी सांगावं लागतं.

ते मीच सांगून टाकतो. मुख्य दाराकडून वेदीकडे तोंड करून उभे राहा. मधल्या मोठ्या दालनात, कमानींच्या वर चित्रांच्या दोन ओळी आहेत. सुरुवात उजव्या भिंतीच्या वरच्या ओळीत, वेदीच्या टोकाकडून: उजेड आणि अंधार वेगळे केले, पाणी, झाडं, सूर्य-चंद्र, मग आदाम. तिथून चित्रं दाराकडे येतात, दाराच्या भिंतीवरून डावीकडे वळतात आणि डाव्या भिंतीनं वेदीकडे परत जातात. मग खालची ओळ पुन्हा उजवीकडून: नोहाचं जहाज, जलप्रलय, बाबेलचा बुरूज, अब्राहाम, इसहाक, आणि शेवटी डाव्या हाताला याकोब देवदूताशी झोंबतोय. म्हणजे आपल्या प्रदक्षिणेचीच दिशा, दोन फेऱ्या. सासूबाईंना इतकं सांगा, त्या गाइडच्या पुढे जातील. येशूचे चमत्कार बाजूच्या दालनांत आहेत.

आता चर्चमध्ये वागण्याचं. खांदे आणि गुडघे झाकलेले हवेत, बायकांचे तसेच पुरुषांचेही. साडी किंवा पंजाबी ड्रेस असेल तर प्रश्नच नाही. मिस्सा, म्हणजे चर्चमधली उपासना, चालू असेल तर फिरायचं नाही. एकतर मागे शांत बसा, नाहीतर बाहेर थांबा. ख्रिस्तप्रसादाच्या रांगेत हौसेनं उभं राहू नये, हे मुद्दाम लिहितोय, कारण आपल्याकडच्या पर्यटकांना तसं करताना पाहिलंय. आणि रविवार टाळा. पालेर्मोच्या राजवाड्यातलं कापेल्ला पालातिना, म्हणजे राजाचं खासगी चर्च, रविवारी सकाळी मिस्सेसाठी असतं.

शेंगदाणाकूट

खाण्याचा विषय निघालाय तर माझी हजेरी लागलीच पाहिजे :)

पालेर्मो शाकाहाऱ्यांना इटलीतल्या कित्येक शहरांपेक्षा सोयीचं. 'पानेल्ले' शोधा. हरभऱ्याच्या पिठाचं पिठलं घट्ट शिजवून, थापून, कापून तळतात आणि तिळाच्या पावात घालून देतात. वर लिंबू पिळायचं. सांगलीकरांना ओळख करून द्यावी लागणार नाही. 'कापोनाता' म्हणजे वांगं, सेलरी, ऑलिव्ह, केपर यांची आंबट-गोड भाजी. ती गार देतात, तक्रार करू नये.

आता सापळे.

'स्फिन्चोने' हा जाड पावासारखा पिझ्झा वरून निष्पाप दिसतो, पण त्यात बहुतेक वेळा अँचोव्ही, म्हणजे मासा असतो. 'आरान्चिना' हा भाताचा तळलेला गोळा. 'आल बुर्रो' म्हणजे लोण्याचा, असं ऐकून खूश होऊ नका, आत हॅम असतं. शिवाय अंड्याचं विचारा. कान्नोलीच्या नळीत पारंपरिक पद्धतीनं डुकराची चरबी घालतात, आणि इथेच शुद्ध शाकाहारी लोकांची विकेट पडते. गोड हवं असेल तर लिंबाची किंवा बदामाची ग्रानिता (बर्फाळ सरबत) घ्या. पार्मेजान चीजमध्ये प्राण्याचं रेनेट (दूध गोठवणारं द्रव्य) असतं, तेव्हा किती कडक पाळायचं ते घरात आधीच ठरवून घ्या. तिथे टेबलावर बसून चर्चा नको.

तिरकी_घोडी

@शेंगदाणाकूट, कान्नोलीची मजा घालवलीत तुम्ही. मी काहीच वाचलेलं नाही.

अर्धा_कप

वाचतोय. गाइड घ्यावा की नाही यावर माझं मत आहेच, पण आधी थोडं इतिहासाचं, म्हणजे गाइड काय सांगतो आणि काय गाळतो ते कळेल.

अरबांनी पालेर्मो घेतलं ८३१ मध्ये. नॉर्मन, म्हणजे उत्तर फ्रान्सातून आलेले लढवय्ये, त्यांनी ते १०७२ मध्ये जिंकलं. ११३० च्या नाताळात दुसरा रॉजर पालेर्मोत सिसिलीचा राजा झाला. याच्या दरबारात फर्मानं लॅटिन, ग्रीक आणि अरबी अशा तिन्ही भाषांत निघत. अल-इद्रिसी या अरब भूगोलतज्ज्ञानं त्याच्यासाठी जगाचा नकाशा आणि भूगोलाचा ग्रंथ केला, तो ११५४ मध्ये पुरा झाला. तुम्ही बघणार ती बहुतेक चर्चं याच घराण्याची: चेफालूचं काम ११३१ मध्ये सुरू झालं, कापेल्ला पालातिना ११४० मध्ये पवित्र केलं गेलं, आणि मोनरेआले त्याच्या नातवाचं, दुसऱ्या विल्यमचं, ११७४ च्या सुमाराचं. २०१५ पासून हे सगळं मिळून युनेस्कोच्या यादीत आहे.

कापेल्ला पालातिनात मोझेक बायझंटाइन (पूर्वेकडच्या ग्रीक ख्रिस्ती साम्राज्याच्या धाटणीचे), आराखडा लॅटिन आणि छत? ते लाकडी, मधमाश्यांच्या पोळ्यासारखं कोरीव, अरबी पद्धतीचं, आणि त्यावर वादक, दारू पिणारे, बुद्धिबळ खेळणारे रंगवलेत. चर्चच्या छतावर! खालून डोळ्यांना नीट दिसत नाही. छोटी दुर्बीण न्या, हा माझा सगळ्यात कामाचा सल्ला.

आता गाळलेला भाग. प्रत्येक गाइड 'इथे तिन्ही धर्म गुण्यागोविंदानं नांदत होते' असं सांगतो. अर्धं खरं आहे. ११८४ साली इब्न जुबैर हा स्पेनचा प्रवासी मक्केहून परतताना जहाज फुटून सिसिलीत आला. त्यानं लिहून ठेवलंय की नाताळला पालेर्मोतल्या ख्रिस्ती बायका मुसलमान बायकांसारख्या बुरखा घेऊन, मेंदी लावून चर्चला निघाल्या होत्या. त्यानंच हेही लिहिलंय की राजाच्या पदरचे मुसलमान आपला धर्म लपवून जगतात. मोनरेआलेच्या मठाला राजानं जी गावं इनाम दिली, त्यांतले कसणारे बहुतांश मुसलमान होते. त्यांच्या नावांच्या अरबी याद्या आजही उपलब्ध आहेत. म्हणजे ते सोनं कोणाच्या घामाचं, याचा हिशेब कागदावर आहे. ११८९ मध्ये विल्यम मेला आणि दंगली पेटल्या. पुढे सिसिलीचा राजा झालेल्या दुसऱ्या फ्रेडरिकनं सिसिलीतले उरलेसुरले मुसलमान उचलून इटलीच्या मुख्य भूमीवर लुचेराला नेऊन वसवले. त्याच फ्रेडरिकची कबर पालेर्मोच्या कॅथेड्रलमध्ये आहे, जांभळ्या पोर्फिरी दगडाची. बघाच.

तर माझं मत: गाइड घ्या, पण त्याला प्रश्न विचारा.

उगीचच

अर्धा कप म्हणता म्हणता अख्खी किटली ओतलीत.

व्हिएन्नाचा_पंत

अर्धा_कप, उत्तम प्रतिसाद. अवांतर भर: रॉजरचं राजवस्त्र आमच्याकडे व्हिएन्नात हॉफबुर्गच्या खजिन्यात आहे. लाल रेशमावर सोन्याच्या तारेनं भरलेले दोन सिंह, दोन्हींच्या पंजाखाली उंट, आणि काठाला अरबी मजकूर. त्यात हिजरी ५२८, म्हणजे इसवी ११३३-३४ साल घातलंय. ख्रिस्ती राजाचं वस्त्र, शिवलं राजाच्या पालेर्मोतल्या कारखान्यात. कोकमकढी, तुम्ही जर्मनीत आहात, कधी इकडे आलात तर जरूर बघा.

वसईकर

@अर्धा_कप, तो इनामांचा भाग मला माहीत नव्हता. पुढच्या वेळी तिथे उभा राहीन तेव्हा आठवेल.

तिरकी_घोडी

एवढं सगळं इथे फुकट मिळाल्यावर गाइड कशाला?

कोकमकढी

सगळ्यांचे आभार! धागा प्रिंट काढून सासऱ्यांना दिला. ते एसटीतून निवृत्त, त्यांनी नकाशावर पेन्सिलनं मार्गच आखला आणि कंपनीच्या क्रमावर फुली मारली. 'मोनरेआलेला जाऊन परत पालेर्मोवरूनच चेफालूला, हे काय लावलंय यांनी?' गाइडला ईमेल करून क्रम बदलून घेतेय. आल्यावर लिहीनच.

कोकमकढी

आलो! फोटो नंतर टाकते, आधी वृत्तान्त.

गाइड घेतला. बाई पालेर्मोच्याच, पन्नाशीच्या, परवानाधारक. कंपनीबद्दल मात्र एक तक्रार: 'सर्व समाविष्ट' लिहिलं होतं, पण प्रवेशाची तिकिटं त्यात नव्हती, हे तिथे गेल्यावर कळलं. बुक करताना लेखी विचारा. आणि गाडी चालवणारा वेगळा व गाइड वेगळा आहे ना, हेही विचारा. काही ठिकाणी ड्रायव्हरच वाटेत चार गोष्टी सांगतो आणि चर्चच्या दारात सोडून देतो.

मोनरेआले सकाळी उघडतानाच गाठलं. दुपारी बंद होऊन परत उघडतं, म्हणून हा क्रम महत्त्वाचा. गाडी कॅथेड्रलच्या अगदी दारापर्यंत जात नाही, थोडा चढ चालावा लागतो. सासूबाई काठी घेऊन हळूहळू आल्या.

आत गेल्यावर गाइडबाई पाच मिनिटं बोलल्याच नाहीत. बसा म्हणाल्या. समोर वेदीवरच्या अर्धघुमटात येशूचा तो प्रचंड चेहरा, हात पसरलेले. डोळे सरावल्यावर मग त्यांनी सुरुवात केली, वसईकरांनी सांगितली तिथूनच. सोन्याचा एकेक तुकडा म्हणजे काचेत बसवलेला सोन्याचा वर्ख असतो, आणि ते तुकडे मुद्दाम किंचित तिरके लावतात, त्यामुळे आपण दोन पावलं सरकलो की भिंतीवरचा उजेडही सरकतो. हे त्यांनी आम्हाला चालायला लावून दाखवलं. मी एकटी गेले असते तर सरळ मध्ये उभं राहून फोटो काढले असते.

सासूबाईंची गोष्ट सांगायलाच हवी. त्यांच्या माहेरी लाकडाची वखार होती. नोहाच्या जहाजाच्या चित्रात सुतार काम करतायत, करवतीला दोघे लागलेत. गाइडबाई देव आणि पापं वगैरे सांगत होत्या, आणि ह्या मला कोपरानं ढोसून म्हणाल्या, 'अगं, त्याची पकड बघ, दोघांची ओढ सारखी पडली नाही तर पातं अडकतं.' मी भाषांतर केलं. गाइडबाई थांबल्या, वळून परत ते चित्र बघितलं आणि म्हणाल्या की इतक्या वर्षांत हे कोणी बोललं नव्हतं. मग पुढचा सगळा वेळ त्या सासूबाईंनाच विचारत होत्या, 'सिन्योरा, इथे काय दिसतं?' रिबेका उंटाला पाणी पाजतेय तिथे सासूबाईंनी उंटाच्या मानेला नावं ठेवली.

वेदीमागच्या संतांच्या रांगेत इंग्लंडचा आर्चबिशप थॉमस बेकेट आहे. त्याचा खून झाला ११७० मध्ये, संत ठरवलं ११७३ मध्ये, म्हणजे मोनरेआले बांधताना ही ताजी बातमी होती. गंमत म्हणजे ज्या राजामुळे तो मारला गेला त्या दुसऱ्या हेन्रीची मुलगी जोन हीच विल्यमची राणी, लग्न ११७७ चं. बापाचा बळी मुलीच्या सासरच्या भिंतीवर! सासरे म्हणाले, 'जावयाला हे सुचलं कसं?' गाइडबाईंकडे सरळ उत्तर नव्हतं, दोन-तीन तर्क होते, आणि तसं त्यांनी मोकळेपणानं सांगितलं. तिथेच मला त्या आवडल्या.

शेजारच्या मठाचं आवार चुकवू नका, तिकीट वेगळं. २२८ बारीक खांब, जोडीजोडीनं, काहींवर रंगीत तुकड्यांची नक्षी, प्रत्येक माथ्यावर वेगळं कोरीवकाम. बसायला जागा, सावली, कारंजं. सासूबाईंचे गुडघे तिथे शांत झाले.

पालेर्मोत कापेल्ला पालातिना. रांग होती, पण वेळ आधी आरक्षित होती. राजवाड्यात आजही सिसिलीची प्रादेशिक विधानसभा भरते, त्यामुळे तपासणी विमानतळासारखी. दुर्बिणीबद्दल अर्धा_कप यांना साष्टांग नमस्कार. छतावरचे बुद्धिबळवाले सासऱ्यांनी शोधून काढले आणि मग दुर्बीण हातातून सोडेनात. मागचा ग्रुप खोळंबला.

मी अर्धा_कप यांचा प्रश्न विचारलाच: मुसलमानांचं पुढे काय झालं? गाइडबाईंनी खांदे उडवले नाहीत. लुचेराचं सगळं सांगितलं, आणि मग कॅथेड्रलच्या दक्षिण दाराशी नेऊन डावीकडचा एक खांब दाखवला, ज्यावर कुराणातली ओळ कोरलेली आहे. खांब जुन्या इमारतीतून उचलून आणला आणि कोरलेलं तसंच राहू दिलं. 'ग्रुपला हे दाखवते, पण वीस मिनिटांच्या सहलीत कोणी विचारत नाही,' असं म्हणाल्या.

मार्तोराना हे पालेर्मोतलं आणखी एक जुनं चर्च वेळेअभावी बाहेरूनच झालं, त्याची चुटपुट आहे. चेफालूला पोचेपर्यंत चार वाजून गेले. कॅथेड्रल सुरेख, येशूच्या हातातल्या पुस्तकावर एका पानावर ग्रीक, दुसऱ्यावर लॅटिन. पण खरं सांगू का, तोपर्यंत आमचे डोळे भरले होते. सासूबाई चौकात ग्रानिता घेऊन बसल्या आणि उठल्याच नाहीत.

तेव्हा माझं मत: तिन्ही एका दिवसात करू नका. मोनरेआले आणि पालेर्मो गाइडसोबत. चेफालू दुसऱ्या दिवशी घोडीभाऊंच्या रेल्वेनं, कोणालाही सोबत न घेता, समुद्रासकट.

तिरकी_घोडी

म्हणजे शेवटी रेल्वेच. धन्यवाद, मी जिंकलो.

उगीचच

घोडी अडीच घरं चालली आणि स्वतःच्याच पटाबाहेर गेली.

शेंगदाणाकूट

पानेल्लेचं काय झालं ते लिहिलंच नाहीत!

कोकमकढी

@शेंगदाणाकूट, सासऱ्यांनी दोन खाल्ले, तिसरा बांधून घेतला. सासूबाईंचा निकाल: 'बेसन चांगलं आहे, हिरवी मिरची विसरलेत.' कान्नोलीच्या दुकानात चरबीचं विचारलं, हो म्हणाले, आम्ही निघालो. नवरा मागे राहिला होता, त्याचं काय झालं ते मी विचारलेलं नाही.

गोधडी

नमस्कार, पहिलाच प्रतिसाद. आम्ही जुलैत क्रूझवरून पालेर्मोला उतरणार, जहाज सकाळी लागून संध्याकाळी निघतं. आई-बाबा सोबत. क्रूझवाल्यांची सहल घ्यावी की बाहेरची?

वसईकर

@गोधडी, जुलैत ऊन भयंकर, टोपी-पाणी सोडू नका. तारीख बघा: १४ जुलैच्या रात्री सांता रोसालियाची मोठी मिरवणूक असते, ती शहराची पालक संत. १६२४ च्या प्लेगपासूनची भक्ती. त्या दिवशी मधले रस्ते बंद असतात, गाडी अडकेल. तिथले श्रीलंकेचे तमिळ लोक, त्यांत हिंदूसुद्धा, मोंते पेलेग्रीनो डोंगरावर तिच्या गुहेच्या देवळाला नेमानं जातात, हे मी स्वतः पाहिलंय. रविवारी वर गेलात तर पायवाटेवर दिसतील.

कोकमकढी

@गोधडी, क्रूझच्या सहलीला उशीर झाला तर जहाज त्यांच्यासाठी सहसा थांबतं, बाहेरच्या गाइडबरोबर उशीर झाला तर ती जोखीम तुमची. आई-बाबा असतील तर हा मुद्दा मोठा. पण क्रूझची सहल घेतलीत तर 'पालेर्मो आणि मोनरेआले' लिहिलेलीच घ्या आणि मोनरेआलेत आत किती वेळ देतात ते विचारा. तासाभराहून कमी म्हणाले तर बाहेरचा गाइड बघा आणि बंदरावर वेळेच्या दोन तास आधी परत या. आमच्या बाईंना विचारून त्यांची संपर्काची माहिती व्यनि (व्यक्तिगत निरोप) करते.